तिसऱ्या रांगेतली बाई

उर्शिला च्यारी कॅसेट घेऊन आली
टॉवेलात गुंडाळून, ताप आलेल्या पोरासारखी.
फोंड्याच्या बाजारात वरच्या मजल्यावर माझं दुकान,
खाली मिरच्यांची भजी तळतात,
माझ्या चित्रांनाही तो वास लागतो म्हणतात.

"बाबा आहे यात. ब्याण्णवच्या उत्सवातलं नाटक.
एकच वाक्य होतं त्याला, मग भाला धरून उभा.
तोंड काही दिसत नाही.
तुमचं मशीन करतं ना मोठं?"

करतं.
फितीवरची बुरशी पुसली, डोकी साफ केली,
रात्रभर पंखा घरघरला
आणि सकाळी रोहिदास च्यारी पडद्यावर उभा,
मिशीचा केस न केस मोजून घ्यावा असा.
हनुवटीवरचा व्रण मात्र गेलेला.
पटाशी निसटली होती त्याची कधीतरी, ती खूण.
मशीनला वाटलं, फितीवरचा ओरखडा.

उर्शिला बराच वेळ बघत राहिली.
"देखणा आहे," म्हणाली,
"बाबाला असा एखादा भाऊ असता तर."

मग तिचं बोट प्रेक्षकांत गेलं.
तिसरी रांग, समईच्या खांबाशी.
"ही कोण?"

मूळ फितीत तिथे सात-आठ राखाडी चौकोन.
आता तिथे तिशीतली एक बाई,
ओठाच्या कोपऱ्यात हसू दाबलेलं,
नाटक पाठ असल्यासारखी.
उर्शिलाने आईला फोटो पाठवला, आईने मावशीला,
मावशीने वाड्यावरच्या चाळीस घरांना.
कुणाची सून नव्हे, कुणाची पाहुणी नव्हे,
मुंबईहून आलेलीही नव्हे.

पण त्या रात्री तिथे कोणीतरी खरंच बसली होती.
डास मारत, मांडीवर झोपलेलं पोर सावरत.
तिला उठवून
तिच्या जागेवर मी कुणाला बसवलं?

कॅसेटच्या कडेला निळ्या पेनाने नाव होतं:
बोस्त्यांव फुर्ताद, बोरी.
कॅसेट तुझी, बाय, पण चित्र त्याने काढलेलं,
विचारायला हवं.
स्कूटर काढली, पूल ओलांडला.
डोळ्यांत औषध घालून म्हातारा आडवा पडला होता,
पडूनच बोलला:
"लाइट दोनदा गेली त्या रात्री. जनरेटर माझा.
त्याचे दीडशे अजून यायचे आहेत."
विजेच्या बिलामागे परवानगी लिहून दिली,
सहीपाशी थांबला.
"माझं नाव घाल. पण रे,
जे माझ्या कॅमेऱ्याला दिसलं नाही
ते माझ्या नावावर खपवू नको."

परवा एक पोरगा आला होता,
नव्या तियात्राची चोरटी फाइल घेऊन.
कोपऱ्यातला शिक्का काढ, लख्ख कर, दुप्पट देतो.
मशीन दोन्ही कामं सारख्याच उत्साहाने करतं.
म्हणून तर खुर्चीवर मी बसतो.
त्याला चहा पाजला आणि जिना दाखवला.

उर्शिलाचं काम पुन्हा केलं, हात आवरून.
व्रण परत आला, थोडा पुसट.
मिशी पुन्हा एक काळी रेघ झाली.
खांबापाशी राखाडी चौकोन, जसे होते तसे.
सुरुवातीला एक पाटी घातली:
चित्रण, बोस्त्यांव फुर्ताद.
यंत्राने मोठं केलं आहे, काही ठिकाणी अंदाज आहे.
मूळ फितीची नक्कल वेगळी दिली, काही न करता.

तिने पाटी दोनदा वाचली, पैसे मोजले,
जिन्यात अर्ध्यावर गेली आणि वळली.
"ती बाई... ठेवलीय का कुठे?"

नाही, म्हणालो.

दुकान बंद करताना खरी पुसली तिला.
बटणावर बोट जरा रेंगाळलं.
इतक्या मोठ्या उत्सवात
तिला ओळखणारा मी एकटाच होतो.